काळसर्प : गणितातून घडवलेला नाग आणि आपल्या दारात आलेली त्याची पूजा



मराठवाड्यातून नाशिककडे जाणाऱ्या गाड्यांत आता आपली माणसेही दिसू लागली आहेत. मुलाला नोकरी लागत नाही, मुलीचे लग्न जुळत नाही, शेतात सलग दोन वर्षे नुकसान झाले, घरात आजारपण आहे. अशा वेळी कोणीतरी सांगतो, "पत्रिकेत काळसर्प आहे, त्र्यंबकेश्वरला जाऊन शांती करून या." मग उसनवारी होते, सोन्याचा एखादा मणी गहाण पडतो आणि माणूस गाडीत बसतो. त्याच्या घरातल्या भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो असतो. २२ प्रतिज्ञांचा कागदही कधीकाळी घरात असतो.

या माणसांची टिंगल करण्यासाठी हा लेख लिहिलेला नाही. संकटात सापडलेला माणूस हात पुढे करतोच. प्रश्न असा आहे की, त्याच्या हातात काय ठेवले जाते? हा काळसर्प म्हणजे नेमके काय? तो कोणी घडवला आणि त्याच्याशी आपला इतिहास कसा जोडलेला आहे? आपल्या तरुणांनी याचे उत्तर पाठ करून ठेवावे, अशी माझी इच्छा आहे.

१) राहू नावाची वस्तू आकाशात नाही

ज्योतिषी सांगतात की राहू आणि केतू यांच्या एकाच बाजूला बाकी सगळे ग्रह आले की काळसर्प योग होतो. राहू हे सापाचे डोके, केतू ही त्याची शेपटी आणि त्या दोघांच्या विळख्यात सापडलेला माणूस म्हणजे पत्रिकेचा मालक.

आता खगोलशास्त्र काय सांगते ते पाहू. आकाशात सूर्याचा एक मार्ग दिसतो आणि चंद्राचा दुसरा. या दोन मार्गांत सुमारे ५ अंशांचा कोन आहे. म्हणून ते एकमेकांना दोन ठिकाणी छेदतात. त्या दोन छेदबिंदूंची नावे राहू आणि केतू. बस्स, एवढेच! तिथे दगड नाही, माती नाही, वायू नाही. जगातली सर्वांत मोठी दुर्बीण लावली तरी तिथे काहीही दिसणार नाही. अमावास्येला किंवा पौर्णिमेला चंद्र या बिंदूंजवळ असेल तर ग्रहण होते, म्हणून गणित करणाऱ्यांना हे बिंदू उपयोगी पडतात. हे बिंदू उलट्या दिशेने सरकत सुमारे १८.६ वर्षांत एक फेरी पूर्ण करतात. शेताच्या बांधावर दोन पायवाटा जिथे एकमेकींना ओलांडतात, त्या जागेला कोणी देव म्हणून नारळ फोडला, तर आपण काय म्हणू? इथे तेच झाले आहे.

ही कल्पना फक्त आपल्याकडेच नव्हती. युरोपातही या दोन बिंदूंना ड्रॅगनचे डोके आणि ड्रॅगनची शेपूट म्हणत. एका छेदबिंदूपासून पुन्हा त्याच बिंदूवर यायला चंद्राला सुमारे २७.२ दिवस लागतात. त्या काळाला आजही शास्त्रज्ञ 'ड्रॅकॉनिक' महिना, म्हणजे ड्रॅगनचा महिना म्हणतात. असे २४२ ड्रॅगन-महिने म्हणजे १८ वर्षे आणि सुमारे ११ दिवस झाले की ग्रहणांचा क्रम पुन्हा फिरून येतो. ग्रीसजवळ समुद्रात बुडालेल्या जहाजातून १९०१ साली एक दोन हजार वर्षांपूर्वीचे कांस्याच्या दातेरी चाकांचे यंत्र बाहेर काढले गेले. अँटिकिथेरा यंत्र या नावाने ते ओळखले जाते. या यंत्रात ग्रहणांच्या चक्राची स्वतंत्र तबकडी आहे. पुढे युरोपातल्या काही खगोलीय घड्याळांवर ड्रॅगनच्या आकाराचा काटाच बसवला गेला. तो फिरत फिरत ग्रहण कधी होईल ते दाखवी.

म्हणजे एकाच गणितातून त्यांनी घड्याळाचा काटा केला. आपल्याकडे मात्र त्याच गणितातून एक देव उभा केला, त्याला भूक दिली, कोप दिला आणि त्याची शांती करण्याची दक्षिणा ठरवली. तिकडे अंधश्रद्धा नव्हती असे मी म्हणत नाही, तिकडेही फलज्योतिष भरपूर होते. पण आपल्याकडे या देवाला आणखी एक गोष्ट चिकटवली गेली. ती म्हणजे जात.

२) पंगतीत बसला म्हणून मुंडके उडवले

राहूची पुराणकथा सर्वांना माहीत आहे. देव आणि असुर दोघांनी मिळून समुद्र घुसळला. अमृत निघाल्यावर वाटप मात्र देवांच्याच पंगतीत झाले. एक असुर गुपचूप त्या पंगतीत जाऊन बसला. सूर्य आणि चंद्राने चहाडी केली आणि विष्णूने त्याचे डोके धडावेगळे केले. तेच डोके राहू, धड केतू. आणि तो राग मनात धरून राहू सूर्यचंद्राला गिळतो, म्हणून ग्रहण होते.

ही कथा महात्मा फुल्यांच्या नजरेने वाचा. काम करताना असुर चालतो, दोर ओढताना असुर चालतो, पण पंगतीत बसला की चालत नाही. त्याचा गुन्हा चोरीचा नव्हता, त्याचा गुन्हा सोबत जेवायला बसण्याचा होता. गावगाड्यात आपल्या आजोबा-पणजोबांनी जे भोगले त्याचेच हे आकाशातले चित्र आहे.

ही केवळ माझी कल्पना नाही. महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत राहूला मांग आणि केतूला महार मानत. ग्रहण म्हणजे या दोघांची सावली, त्यांचा स्पर्श. म्हणून ग्रहण लागले की घर विटाळते, पाणी विटाळते, शिजलेले अन्न टाकायचे आणि ग्रहण सुटले की आंघोळ करायची. अस्पृश्याचा विटाळ झाल्यावर जे करायचे, नेमके तेच ग्रहणाला करायचे! आणि त्याच वेळी मांग-महारांनी "दे दान, सुटे गिराण" अशी आरोळी देत गल्लीगल्लीतून फिरायचे. घराघरांतून जुने कपडे, धान्य, पैसे त्यांच्या झोळीत पडायचे. यालाच दान म्हणत. पण या दानाचा अर्थ काय होता? घराला लागलेला दोष त्या वस्तूसोबत झोळीत टाकून दिला जाई. सूर्य सुटायचा, चंद्र सुटायचा, पण झोळीवाला कधी सुटायचा नाही.

बाबासाहेबांनी मार्च १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत मेलेल्या जनावरांचे मांस सोडा, उष्टे-शिळे तुकडे मागणे सोडा, असे सांगितले. त्याचे वजन आज शहरात वाढलेल्या मुलाला कळणे अवघड आहे. गिराण मागणे सोडणे म्हणजे थोडेसे धान्य सोडणे नव्हते. आकाशातल्या सावलीशी आपली जात जोडणारा दोर त्या दिवशी तोडायला सुरुवात झाली. मातंग समाजातील बांधवांनीही हा दोर तोडला. म्हणून राहूची गोष्ट ही महार आणि मातंग या दोघांची सामायिक गोष्ट आहे.

३) त्यांना माहीत नव्हते असे नाही

काही जण म्हणतात, "पूर्वीच्या लोकांना ग्रहणाचे कारण माहीत नव्हते, म्हणून त्यांनी कथा रचल्या." हा इतिहास अर्धवट आहे. इसवी सन ४९९ मध्ये आर्यभटाने स्पष्ट लिहिले की चंद्रग्रहण पृथ्वीच्या सावलीमुळे होते आणि सूर्यग्रहण चंद्र मध्ये आल्यामुळे. वराहमिहिरालाही हे ठाऊक होते. पण त्याने सोबत तडजोडही करून ठेवली की, ब्रह्मदेवाने राहूला वर दिला असल्याने ग्रहणकाळी तो तिथे हजर असतो. इसवी सन ६२८ मध्ये ब्रह्मगुप्ताने सावलीचे गणित उत्तम मांडले आणि त्याच ग्रंथात, राहू नाही असे म्हणणारे वेद-स्मृतीच्या विरोधात जातात, अशी टीकाही केली. साधारण १०३० साली अल्बेरुनीने भारतावर ग्रंथ लिहिला, तेव्हा ब्रह्मगुप्ताच्या या दुटप्पीपणावर त्याने नेमके बोट ठेवले.

म्हणजे आपल्या देशात विज्ञान हरले ते अज्ञानामुळे नव्हे. ज्याला गणित येत होते त्यालाच धर्मशास्त्राच्या विरोधात बोलणे परवडत नव्हते. गणित पोथीत राहिले आणि भीती गावात गेली. ग्रहण केव्हा लागणार हे अचूक सांगता येत असल्यामुळे सांगणाऱ्याचा धाक वाढला. 'तारीख खरी निघाली, म्हणजे दोषही खरा असणार' असे साध्या माणसाला वाटले. हीच युक्ती आज संगणक करतो. बटण दाबले की पत्रिका छापून येते, ग्रहांचे अंश बरोबर असतात आणि त्या बरोबर आकड्यांच्या खाली 'काळसर्प दोष' असे लिहिलेले असते. आकडा खगोलाचा, धाक पुरोहिताचा!

आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. हा काळसर्प जुनासुद्धा नाही. वराहमिहिराच्या बृहज्जातकात या योगाचा पत्ता नाही. जुन्या ग्रंथांत याला आधार नाही, हे अनेक ज्योतिषीच कबूल करतात. अलीकडच्या काळात तो फोफावला. आता त्याचे बारा प्रकार सांगतात: अनंत, कुलिक, वासुकी, शंखपाल, पद्म, महापद्म, तक्षक, कर्कोटक वगैरे. पूर्ण नसला तर 'अर्धा काळसर्प'ही सांगतात, म्हणजे जाळ्यातून कोणी सुटायला नको.

ही नावे पुन्हा वाचा. अनंत, वासुकी, तक्षक, कर्कोटक ही तर नागराजांची नावे आहेत! नागपूरला १५ ऑक्टोबर १९५६ च्या भाषणात बाबासाहेबांनी सांगितले की बुद्धाचा धम्म पसरवणारे लोक नाग होते. बौद्ध परंपरेत मुचलिंद नाग पावसात बुद्धांवर फणा धरून उभा राहतो. तिथे नाग सावली देतो. इथे त्याच नागांच्या नावाने दोष विकला जातो, आणि विकत घ्यायला नागांचे वारसच रांगेत उभे आहेत. यापेक्षा मोठी विटंबना कोणती?

४) साधा हिशेब करून पाहा

काळसर्पासाठी सगळे ग्रह राहू-केतूच्या एका बाजूला हवेत. गुरूला एका फेरीसाठी सुमारे १२ वर्षे लागतात, शनीला सुमारे साडेएकोणतीस. हे सावकाश चालणारे एका बाजूला आले आणि सूर्य, बुध, शुक्र, मंगळ त्यांच्यात सामील झाले की पुढचे काम चंद्राचे. तो महिन्यातले अर्धे दिवस या बाजूला, अर्धे दिवस त्या बाजूला असतो. म्हणजे योग लागला की सलग सुमारे दोन आठवडे जगात जन्मणारे प्रत्येक मूल काळसर्पवाले! अहमदपूरच्या दवाखान्यातले, लंडनमधले, टोकियोमधले, आणि शांती सांगणाऱ्या पुरोहिताच्या घरातलेसुद्धा. त्या सगळ्यांची नोकरी अडते का? सगळ्यांची लग्ने मोडतात का?

उलटा प्रश्न आपल्या लातूर जिल्ह्याने विचारलेला आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीचा भूकंप झाला. सुमारे १० हजार माणसे गेली. त्यांत तान्ही बाळे होती, म्हातारी माणसे होती, सगळ्या जातींचे आणि सगळ्या राशींचे लोक होते. प्रत्येकाची पत्रिका वेगळी आणि मृत्यूची वेळ एक. कोणत्या पत्रिकेत ते लिहिलेले होते? माणसे मेली ती दगडमातीच्या जड भिंतींखाली. शांती ग्रहांची नव्हे, घरांच्या बांधकामाची करायला हवी होती.

जयंत नारळीकर, नरेंद्र दाभोलकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पुण्यात याची रीतसर चाचणी घेतली. १०० हुशार मुलांच्या आणि १०० मतिमंद मुलांच्या पत्रिका जमवल्या आणि ज्योतिषांना सांगितले, कोणती कोणाची ते ओळखा. प्रत्येकाला ४० पत्रिका दिल्या. उत्तरे पाठवली २७ ज्योतिषांनी. बरोबर उत्तरांचे प्रमाण आले ४६ टक्के. नाणे उडवले असते तर ५० टक्के आले असते! तरीही हा धंदा थांबला नाही. २०१३ मध्ये दाभोलकरांच्या खुनानंतर महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. पण त्याच्या अनुसूचीत फलज्योतिष नाही. म्हणून हे काम कायदा करणार नाही, ते आपल्यालाच करावे लागेल.

५) काळ कोणाच्या मालकीचा?

आता मुख्य मुद्दा. काळसर्प ही फक्त पैशांची लूट असती तर मी एवढे लिहिले नसते. ही आपल्या वेळेवरची मालकी आहे.

गावगाड्यात महाराची वेळ त्याची नव्हती. दिवस असो की रात्र, हाक आली की निघायचे. सरकारी टपाल न्यायचे, मयताचा सांगावा परगावी पोहोचवायचा, मेलेले जनावर ओढायचे. निजामाच्या मुलखात त्याला वेठबिगार म्हणत. आपले अहमदपूर तेव्हा बीदर जिल्ह्यात होते. सरकारी दप्तर फसली सनाने चाले, भटजीचे पंचांग शकाने आणि लोक दोन्हींच्या मध्ये दबलेले. सारा कधी भरायचा ते दप्तर सांगे, लग्न कधी लावायचे ते जोशी सांगे. फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये, जन्मापासून मरणापर्यंत प्रत्येक प्रसंगी भट-जोशी शेतकऱ्याला कसा नागवतो, ते एकेक करून दाखवले आहे. ज्याच्या हाती दिनदर्शिका, त्याच्या हाती माणसाचे आयुष्य.

बाबासाहेबांनी हा काळ आपल्याला परत मिळवून दिला. १९२८ मध्ये त्यांनी मुंबई विधिमंडळात महार वतनाच्या कायद्यात दुरुस्ती करण्यासाठी विधेयक मांडले. मजूरमंत्री म्हणून त्यांनी केलेल्या कामातून १९४६ मध्ये कारखान्यातील कामाचा आठवडा ५४ तासांवरून ४८ तासांवर आला. म्हणजे मजुराच्या आयुष्यातले सहा तास दर आठवड्याला त्याचे झाले. आणि आज? दिनदर्शिकेत छापलेला रोजचा दीड तासाचा राहुकाळ आपण पाळायचा, त्या वेळेत शुभ काम सुरू करायचे नाही. सोमवारी साडेसात ते नऊ, मंगळवारी तीन ते साडेचार. आठवड्याचे साडेदहा तास! बाबासाहेबांनी मिळवून दिलेल्या सहा तासांपेक्षा जास्त वेळ आपण एका छेदबिंदूच्या नावाने स्वतःहून सोडून द्यायचा?

धम्मदीक्षेची तारीख बाबासाहेबांनी मुहूर्त पाहून ठरवली नाही. १४ ऑक्टोबर १९५६ हा दिवस अशोक विजयादशमीचा म्हणून, म्हणजे इतिहासाच्या आधारे निवडला. त्यानंतर अवघ्या १८ दिवसांनी, १ नोव्हेंबर १९५६ ला, अहमदपूर हैदराबाद राज्यातून मुंबई राज्यात आले. एकाच पंधरवड्या-तीन आठवड्यांत आपला धर्मही बदलला आणि राज्यही बदलले. दोन्ही माणसांनी केले, ग्रहांनी नव्हे.

देशाच्या दिनदर्शिकेचे काम कोणी केले तेही आपल्या मुलांना सांगा. १९५२ मध्ये नेमलेल्या समितीचे अध्यक्ष होते डॉ. मेघनाद साहा. पूर्व बंगालच्या खेड्यातल्या एका गरीब, शूद्र मानलेल्या कुटुंबातला हा मुलगा. कोलकात्याच्या वसतिगृहात सवर्ण मुलांनी त्याच्यासोबत जेवायला आक्षेप घेतला होता. पुन्हा तीच पंगत! पण हा राहू मुंडके देऊन बसला नाही. ताऱ्यांच्या प्रकाशावरून त्यांच्यातील द्रव्यांची अवस्था सांगणारे समीकरण त्याने १९२० मध्ये जगाला दिले. त्याच्या समितीने दाखवून दिले की देशात सुमारे ३० वेगवेगळी पंचांगे चालतात आणि ती खऱ्या सूर्यापासून तब्बल २३ दिवस भरकटली आहेत. सूर्य उत्तरेकडे वळतो २२ डिसेंबरला आणि पंचांग सांगते १४ जानेवारीला. ज्यांना सूर्य कुठे आहे हे नीट सांगता येत नाही, ते आपल्या पोराचे भविष्य काय सांगणार?

६) "पण बौद्ध ग्रंथांतही राहू आहे ना?"

हा प्रश्न विरोधक विचारतात, तेव्हा गडबडून जाऊ नका. हो, आहे. संयुक्त निकायात राहू चंद्राला धरतो, चंद्र बुद्धांना शरण जातो आणि राहू त्याला सोडतो अशी कथा आहे. त्या काळच्या लोकसमजुती ग्रंथांत आल्या आहेत. पण फरक पाहा. तिथे शांती नाही, दक्षिणा नाही, विटाळ नाही. आणि दीघ निकायातल्या ब्रह्मजाल सुत्तात, ग्रहणाची भाकिते सांगून पोट भरणे ही हीन विद्या असून भिक्खूने ती करू नये, असे सांगितले आहे. नक्खत्त जातकात तर नक्षत्र चांगले नाही म्हणून लग्नाला उशिरा गेलेल्यांच्या हातून वधूच जाते. ते लोक मूर्ख ठरतात. बाबासाहेबांनी आपल्याला ग्रंथ डोक्यावर घेऊन नाचायला शिकवले नाही, ते तपासून घ्यायला शिकवले.

काही जण म्हणतात, "मनाला समाधान मिळते, तुमचे काय जाते?" समाधान हवेच. पण कर्ज काढून मिळवलेले समाधान हप्ता सुरू होईपर्यंतच टिकते. मुलाच्या नोकरीचा प्रश्न रखडलेल्या भरतीचा आहे, लग्नाचा प्रश्न हुंड्याचा आहे, शेतीचा प्रश्न पाण्याचा आणि भावाचा आहे. काळसर्प या सगळ्या प्रश्नांवरचे बोट उचलून ते आपल्या जन्मवेळेवर ठेवतो. सरकार सुटते, सावकार सुटतो आणि दोषी ठरते आपलेच लेकरू. पूर्वी जन्माने जात दोषी होती, आता जन्माने वेळ दोषी!

आणि इतिहासाची आठवण ठेवा. २ मार्च १९३० ला नाशिकच्या काळाराम मंदिरासमोर आपल्या लोकांनी सत्याग्रह सुरू केला. वर्षानुवर्षे मार खाल्ला, दार उघडले नाही. बाबासाहेबांनी १९३५ ला येवल्यात सांगितले की हिंदू म्हणून मरणार नाही. आज त्याच नाशिक जिल्ह्यात आपल्याला दोष काढून देण्यासाठी बोलावले जाते. समतेसाठी दार बंद होते, दक्षिणेसाठी उघडे आहे. आठवी प्रतिज्ञा सांगते, कोणतेही क्रियाकर्म ब्राह्मणाच्या हातून करवून घेणार नाही. सहावी श्राद्ध-पिंडदान नाकारते. ही वाक्ये रागातून आलेली नाहीत. हजारो वर्षांचा हिशेब करून ती लिहिली आहेत.

७) आपण काय करायचे?

संकटातल्या घराला फक्त भाषण देऊन चालणार नाही. कोणी शांतीला निघाला असेल तर आधी त्याच्याकडे बसा. मुलाचे अर्ज भरून द्या, स्पर्धा परीक्षेची पुस्तके द्या, आजारी माणसाला डॉक्टरकडे घेऊन जा, लग्नासाठी विहारात सोय करा. मग वर सांगितलेला दोन आठवड्यांचा हिशेब कागदावर काढून दाखवा. मदत करणाऱ्याचे म्हणणे माणूस ऐकतो.

दुसरे. येत्या २ ऑगस्ट २०२७ ला सूर्यग्रहण आहे. आपल्या भागातून ते दुपारनंतर खंडग्रास दिसेल. त्याच्या आदल्या दिवशी, १ ऑगस्टला, अण्णा भाऊ साठे यांची जयंती असते. त्या दिवशी मातंग आणि बौद्ध वस्त्यांतील मुलांना एकत्र बसवून ग्रहण समजावून सांगा. चेंडू, टॉर्च आणि सावली एवढे पुरेसे आहे. दुसऱ्या दिवशी सगळ्यांना विहाराच्या अंगणात बोलवा. प्रमाणित ग्रहणचष्मे आणा, उघड्या डोळ्यांनी किंवा एक्स-रेच्या फिल्ममधून कोणालाही पाहू देऊ नका. गर्भवती बहिणींना घरात कोंडू नका, त्यांनाही चष्मा द्या. आणि ग्रहण चालू असताना सगळ्यांनी मिळून एका पंगतीत जेवायला बसा.

ज्या ग्रहणात आपले पूर्वज झोळी घेऊन दारोदार फिरत होते, त्याच ग्रहणात आपली मुले वर मान करून सूर्याकडे पाहतील. काळ आपला आहे, तो परत कोणाच्या हाती देऊ नका.

जय फुले! जय अण्णा भाऊ! जय भीम! नमो बुद्धाय!